बाबांचा व्हेंटिलेटर काढला तर ते पाप ठरेल का?

तुमची परिस्थिती आधी माझ्या शब्दांत मांडते, म्हणजे मला नीट कळलं आहे की नाही ते तुम्हालाही दिसेल. बाबा ७८ वर्षांचे. मेंदूत मोठा रक्तस्राव झाला, तेव्हापासून सतरा दिवस व्हेंटिलेटरवर आहेत आणि एकदाही शुद्धीवर आलेले नाहीत. आता किडन्या बसल्यात. आयसीयूवाले गळ्याला छिद्र पाडायला आणि डायलिसिसला सही मागताहेत, आणि त्याच मजल्यावरचे न्यूरॉलॉजिस्ट मात्र 'शुद्ध येईल अशी आशा धरू नका' म्हणतात. भाऊ कॅनडात. तो म्हणतो, मशीन काढणं म्हणजे खून, वाडीचा तुकडा विकू पण सगळं करू. आई सकाळ-संध्याकाळ रोजरी, म्हणजे जपमाळ, घेऊन बसते आणि चमत्काराची वाट पाहते. तुम्ही तीन गोष्टी विचारल्यात: हे पाप आहे का, भावाची ना असताना मी हो म्हणू शकते का, आणि नंतर फादरांपुढे पापनिवेदन करावं लागेल का.

मी आयुष्यभर नर्सची नोकरी केली, त्यातला मोठा भाग आयसीयूत. निवृत्तीनंतर आमच्या चर्चच्या धर्मग्रामातल्या आजाऱ्यांच्या आणि त्यांच्या घरच्यांच्या सोबतीला जाते. म्हणून थोडं दवाखान्याच्या बाजूनं आणि थोडं श्रद्धेच्या बाजूनं लिहिते.

सगळ्यात आधी एक खात्री करून घ्या. बाबा कोमात आहेत की ब्रेन डेड, हे डॉक्टरांना स्पष्ट विचारा. बाहेरच्या बाकावर हे दोन शब्द सर्रास एकमेकांच्या जागी वापरले जातात. ब्रेन डेड ठरवायला ठरलेल्या तपासण्या असतात, त्या काही तासांच्या अंतरानं पुन्हा करतात. तसं असेल तर तुमचा प्रश्नच बदलतो. तुमच्या वर्णनावरून तसं वाटत नाही, म्हणून बाबा जिवंत आहेत असं धरूनच पुढचं लिहिते.

आता 'खून' या शब्दाकडे येऊ. भावाच्या मनात बसलेली समजूत आपल्याकडे बऱ्याच कॅथलिक घरांत आहे: जीव देवानं दिलाय, तेव्हा तो राखायला जे-जे शक्य ते सगळं करायलाच हवं, आणि एकदा सुरू केलेलं थांबवलं तर आपण मारलं. यातलं पहिलं वाक्य खरं आहे. बाकीचं चर्चनं कधी शिकवलेलं नाही. सोळाव्या शतकात, व्हेंटिलेटर कुणाच्या स्वप्नातही नव्हता तेव्हा, स्पेनमधल्या सालामांकाच्या विद्यापीठात फ्रान्सिस्को दे व्हितोरिया नावाचे डोमिनिकन धर्मगुरू हाच प्रश्न शिकवत होते. त्यांचं म्हणणं असं की आजाऱ्यानं अन्न घेतलं पाहिजे, पण कोंबडीसारखं महाग अन्न खाल्लं तर आयुष्य वाढेल असं वैद्य म्हणाला तरी ते खाण्याची सक्ती कुणावर नाही. त्या काळात भूल नव्हती. पाय कापून जीव वाचत असेल तरी ते भयंकर दुखणं सोसलंच पाहिजे असं बंधन नाही, हेही त्याच परंपरेत लिहून ठेवलेलं आहे. पुढच्या शतकात कार्डिनल दे लूगो यांनी याहून मार्मिक उदाहरण दिलं. आगीत सापडलेल्या माणसाजवळ आग थोडीशीच विझेल एवढंच पाणी असेल आणि त्यातून तो वाचणार नसेल, तर ते ओतलंच पाहिजे असं त्याच्यावर बंधन नाही. ओतलं नाही म्हणून त्यानं आत्महत्या केली असं कुणी म्हणणार नाही.

व्हेंटिलेटर आल्यावर डॉक्टरांनी हा प्रश्न थेट रोमलाच नेला. २४ नोव्हेंबर १९५७ रोजी पोप बारावे पायस यांनी भूलतज्ज्ञांपुढे भाषण केलं. ते तुमच्या भावाला वाचायला द्याच, कारण ते अगदी तुमच्याच घरासाठी लिहिल्यासारखं आहे. त्याचा सार असा: माणसावर बंधन आहे ते साधारण उपायांचं, म्हणजे व्यक्ती, जागा, काळ यांचा विचार करता ज्यांचा स्वतःवर किंवा दुसऱ्यावर भलताच भार पडत नाही अशांचं. त्यापलीकडचे उपाय करायला हरकत नाही, पण सक्ती नाही. आणि श्वासाचं यंत्र काढता येतं, नंतर रक्ताभिसरण थांबलं तरीही. पुढे १९८० च्या व्हॅटिकनच्या घोषणापत्रात, १९९२ च्या धर्मशिक्षणग्रंथात (परिच्छेद २२७८) आणि १९९५ मध्ये पोप जॉन पॉल दुसरे यांच्या परिपत्रकात (परिच्छेद ६५) हीच शिकवण पुन्हा आली आहे. हे कुठल्या नव्या उदार विचाराचं खूळ नाही. ही जुनी आणि बरीच सनातनी शिकवण आहे.

आणि थांबवणं हे न सुरू करण्यापेक्षा मोठं पाप, असंही त्यात कुठे नाही. हाताला ते तसं लागतं, हे मला माहीत आहे. नळी न घालण्याच्या सहीपेक्षा नळी काढायच्या सहीला हात जास्त थरथरतो. पण विचार करून बघा: सुरू केलेलं कधीच थांबवता येणार नाही असा नियम असता, तर पहिल्या रात्री बाबांना व्हेंटिलेटरवर घेऊन बघायलाही तुम्ही कचरला असता. तुम्ही घेतलंत, कारण तेव्हा आशा होती. ते बरोबर होतं. आज चित्र वेगळं आहे म्हणून आजचा निर्णय वेगळा असू शकतो, आणि त्यामुळे तेव्हाचा चुकीचा ठरत नाही.

मी घरच्यांना नेहमी एक गोष्ट सांगते. तोलायची ती उपचाराची किंमत, बाबांच्या आयुष्याची नव्हे. 'अशा जगण्याला काय अर्थ' हे वाक्य मनात आलं की थांबा, कारण तिथून रस्ता वाकडा जातो. शुद्ध नसलेले, दुसऱ्याच्या हातून पुसले जाणारे बाबाही देवाच्या प्रतिमेचेच आहेत, त्यांच्या जगण्याला गुण द्यायचा अधिकार कुणालाच नाही. विचारायचं ते असं: हे यंत्र ज्यासाठी लावलं होतं ते काम अजून होतंय का, आणि त्यासाठी त्यांच्या शरीराला काय सोसावं लागतंय? तुम्ही आयसीयूत दहा मिनिटं भेटायला जाता. उरलेल्या वेळात दर काही तासांनी नळीतून सक्शन होतं, म्हणजे साठलेला कफ ओढून काढतात. ते करताना बेशुद्ध माणूसही ठसकतो, चेहरा लाल होतो, कधी डोळ्यातून पाणी येतं. हात ओढून नळी काढू नयेत म्हणून अनेकांचे हात बांधलेले असतात. पाठीला व्रण होऊ नयेत म्हणून दोन तासांनी कूस बदलायची. सुई टोचायला शिर सापडत नाही. बरं होणार असेल तर हे सगळं सोसण्यासारखं आहे, मी स्वतः हजारदा केलंय आणि माणसं चालत घरी गेलेली पाहिली आहेत. बरं होणारच नसेल तर त्याचा हिशेब वेगळा.

म्हणून डॉक्टरांना 'चान्स आहे का' असं विचारू नका. त्याला ठरलेलं उत्तर मिळतं: चान्स तर असतोच. असं विचारा: 'हे सगळं तुमच्या मनासारखं झालं, गळ्याचं छिद्र, डायलिसिस, सगळं, तर बाबा कुठपर्यंत येतील? आम्हाला ओळखतील का? स्वतः श्वास घेतील का? पुढच्या वर्षी या दिवशी ते कुठे असतील?' हे न्यूरॉलॉजिस्ट आणि आयसीयूच्या डॉक्टरांना एकाच खोलीत बसवून विचारा. वेगवेगळं विचारलंत तर एक जण फक्त मेंदूबद्दल बोलेल, दुसरा फक्त किडनीबद्दल, आणि अख्ख्या बाबांबद्दल कुणीच बोलणार नाही. उत्तर धूसर आलं तर मुदत मागा: अमुक दिवस डायलिसिस करून बघू, या-या गोष्टी सुधारल्या नाहीत तर थांबू. चांगले डॉक्टर याला आनंदानं तयार होतात.

आता पैसा. तुम्ही वाडीचा उल्लेख केला आणि लगेच लिहिलंत, 'पैशाचा विचार करते म्हणून स्वतःचीच घृणा वाटते.' वाटून घेऊ नका. १९५७ च्या त्याच भाषणात पोपनी स्पष्ट म्हटलंय की हे प्रयत्न कुटुंबावर इतका भार होत असतील की सद्‌विवेकानं तो त्यांच्यावर लादता येत नाही, तर ते थांबवायचा आग्रह कुटुंब रीतसर धरू शकतं. आईच्या म्हातारपणाची एकमेव तजवीज असलेली जमीन विकून, शुद्ध न येणाऱ्या माणसाचे काही आठवडे वाढवायचे, असं कुठलंच शास्त्र सांगत नाही. पैशाच्या विचारात पाप शिरतं ते वेगळ्या वाटेनं: उपचारानं बाबा बरे होणार असतील आणि वाटणीसाठी कुणी तो नाकारत असेल तर. तसं तुमच्याकडे दिसत नाही. वाडी विकायची भाषा करणारा तुमचा भाऊ उलट टोकाला गेलाय, आणि त्यालाही कारण आहे. त्याच्याकडे नंतर येते.

त्याआधी बाबा. पोप पायस आणखी एक गोष्ट सांगतात, जी आपल्या घरांत सहसा विसरली जाते: आजारी माणूस सज्ञान असेल आणि बेशुद्ध असेल, तर घरच्यांचा अधिकार त्याच्या गृहीत इच्छेवर उभा असतो. म्हणजे तुम्हाला काय हवं, भावाला काय हवं हा प्रश्न नंतरचा. बाबा पाच मिनिटं उठून बसले आणि त्यांना सगळं समजावून सांगितलं, तर ते काय म्हणतील? शेजारचं कुणी महिनोन्‌महिने अंथरुणाला खिळलं होतं तेव्हा ते काय बोलले होते? स्वतःच्या औषधांबद्दल ते कसे होते, सगळं करून घेणारे की दवाखान्याचं नाव काढलं की चिडणारे? आई, तुम्ही आणि भाऊ, तिघांनी हे वेगवेगळं आठवून मग एकत्र सांगा. मी पाहिलंय, भांडणारी भावंडंसुद्धा इथे आश्चर्यकारकरीत्या सारखी उत्तरं देतात.

तुम्ही लिहिलंत की माझा 'सदसद्विवेक' एकदा हे सांगतो, एकदा ते. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनं १९६५ मध्ये सदसद्विवेकबुद्धीला माणसाच्या अंतरातलं मंदिर म्हटलंय, जिथे तो देवासोबत एकटा असतो. पण आयसीयूच्या बाहेर, न झोपलेल्या डोक्यात जे बोलतं ते सगळंच त्या मंदिरातलं नसतं. त्यात थकवा असतो, 'मयताला लोक काय म्हणतील' असतं, लहानपणी बाबांशी धरलेला अबोला असतो. हे वेगळं करायला येशूसंघाचे संस्थापक संत इग्नेशियस यांच्यासारखा वाटाड्या नाही. (स्वतः त्यांनी तरुणपणी, १५२१ मध्ये स्पेनमधल्या पाम्पलोना इथे तोफगोळा लागून मोडलेल्या पायाचं वर आलेलं हाड, केवळ घट्ट बूट नीट बसावा म्हणून भूल न घेता कापून घेतलं होतं. तेव्हा अवाजवी उपचार काय असतो हे त्यांना आतून ठाऊक होतं.) त्यांच्या 'आध्यात्मिक साधना' या पुस्तकातल्या दोन गोष्टी तुम्हाला आत्ता उपयोगी आहेत. एक, मन खिन्न, कोरडं, काळोखलेलं असताना आधी शांतपणे ठरवलेलं बदलू नये. म्हणजे रात्री अडीच वाजता बाकावर बसून काहीच ठरवू नका, कितीही पक्कं वाटलं तरी. दोन, तुम्ही कधीही न पाहिलेली एक बाई तुमच्यापुढे येऊन नेमकी हीच हकिगत सांगते अशी कल्पना करा. तिचं भलं व्हावं एवढीच तुमची इच्छा आहे. तुम्ही तिला काय सांगाल? जे सांगाल ते स्वतः करा. मग तो निर्णय प्रार्थनेत देवापुढे ठेवा आणि एक-दोन दिवस घेऊन हिंडा. दुःख होईलच. पण दुःखाच्या खाली स्थिरपणा येतो की टोचणी वाढत जाते, याकडे लक्ष द्या.

आईच्या चमत्काराबद्दल. 'देवाला चमत्कार करायचा असेल तर त्याला मशीन लागत नाही' हे वाक्य खरं आहे, आणि कृपा करून ते आईच्या तोंडावर फेकू नका. वाद जिंकायला वापरलेलं खरं वाक्यही माणसाला एकटं पाडतं. तिच्याबरोबर रोजरीला बसा, गेथशेमानेच्या, म्हणजे येशूनं अटकेआधी जिथे प्रार्थना केली त्या बागेच्या, दुःखाच्या रहस्याशी जरा जास्त थांबा. येशूनं तिथे आधी प्याला टळावा असंच मागितलं होतं. आई तेच मागते आहे, तिला 'माझी नव्हे, तुझी इच्छा होवो' या दुसऱ्या अर्ध्या वाक्यापर्यंत तिच्या गतीनं जाऊ द्या. तुमच्या फादरांना सांगून बाबांना तेल लावण्याचा संस्कार अजून झाला नसेल तर आजच करून घ्या. तो फक्त मरणाऱ्यांसाठी असतो ही आईची समजूत असेल, तर फादर स्वतः ती दूर करतील.

भावाचं. दूर असलेलं मूल बहुतेक वेळा 'सगळं करा' म्हणतं, हे प्रत्येक आयसीयूतल्या डॉक्टर-नर्सला तोंडपाठ आहे. त्यानं ते सतरा दिवस पाहिलेले नाहीत. त्याच्या डोळ्यांपुढचे बाबा विमानतळावर सोडायला आलेले बाबा आहेत. तुम्ही त्याला फोनवर पटवायला जाल तितका तो घट्ट होईल, कारण बातमी आणि मत दोन्ही तुमच्याच तोंडून येतंय. डॉक्टरांच्या बैठकीत त्याला व्हिडिओवर घ्या आणि प्रश्न त्यालाच विचारू द्या. परवानगी मिळाली तर सक्शनच्या वेळी कॅमेरा बाबांवर धरा. क्रूर वाटेल, पण जे तुम्ही रोज बघता ते त्याला एकदा दिसायला हवं. त्याची ना तुमच्या सद्‌विवेकाला बांधत नाही, हे तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं सरळ उत्तर. तरीही तो येण्यासाठी चार दिवस मागत असेल तर द्या. बाबांना वेदनाशामक नीट मिळत असेल तर त्या चार दिवसांनी त्यांचं फार बिघडत नाही, आणि तुम्हा दोघांना पुढची तीस वर्षं भाऊ-बहीण राहायचंय.

कायद्याचं थोडक्यात. सर्वोच्च न्यायालयानं ९ मार्च २०१८ च्या निकालात असे उपचार थांबवायला मान्यता दिली आणि २४ जानेवारी २०२३ ला पद्धत सोपी केली. उपचार करणारे डॉक्टर आणि दोन तज्ज्ञ असं पहिलं मंडळ, मग दुसरं मंडळ, त्यात जिल्ह्याच्या वैद्यकीय अधिकाऱ्यानं नेमलेला एक डॉक्टर असतो. दोघांनी शक्यतो ४८-४८ तासांत मत द्यायचं, घरच्यांची लेखी संमती घ्यायची, आणि अंमल करण्याआधी दवाखान्यानं न्यायदंडाधिकाऱ्यांना कळवायचं. नुसतं कळवायचं, त्यांची परवानगी मागत बसायची नाही. बरेच दवाखाने या भानगडीत पडायला नको म्हणून दुसरा रस्ता सुचवतात: 'डामा' घ्या, म्हणजे वैद्यकीय सल्ल्याविरुद्ध सही करून पेशंट घरी न्या. तो घेऊ नका. मी अॅम्ब्युलन्समध्ये अंबू बॅग, म्हणजे हातानं श्वास द्यायची पिशवी, दाबत नेलेली आणि दारात पोचेपर्यंत धाप लागून तडफडत गेलेली माणसं पाहिली आहेत, हातात मॉर्फिनचा एक थेंब नाही. मंडळाची मागणी लेखी करा आणि पॅलिएटिव्ह केअरचा, म्हणजे त्रास शमवण्यावर भर देणारा, डॉक्टर मागा.

कारण नळी काढली की उपचार संपत नाहीत, त्यांची दिशा बदलते. श्वासाचा त्रास कमी करायला मॉर्फिन देतात. त्यानं आयुष्य थोडं कमी होण्याचा संभव असला, तरी हेतू आणि मात्रा त्रास शमवण्याचीच असेल तर ते योग्य आहे, हेही पोप पायस यांनी १९५७ मध्येच सांगितलंय. मरणच यावं म्हणून दिलेलं इंजेक्शन मात्र चर्चलाही मान्य नाही आणि कायद्यालाही. ती रेषा इथे आहे, आणि कुणी कानाशी येऊन 'एक इंजेक्शन देऊन मोकळं करू' म्हणालं तर ठाम नाही म्हणा. नाकातल्या नळीनं दिलं जाणारं अन्न-पाणीही चर्च मुळात साधी शुश्रूषाच मानतं, उपचार नव्हे. शरीर ते स्वीकारेनासं झालं, उलटू लागलं, फुप्फुसात जाऊ लागलं तरच थांबवायचं. मुंबईच्या केईएम रुग्णालयातल्या नर्सेसनी, हल्ल्यानंतर अंथरुणाला खिळलेल्या आपल्या सहकारी नर्स अरुणा शानबाग यांना १९७३ पासून २०१५ पर्यंत भरवलं, पुसलं, कूस बदलली. त्यांचं अन्न थांबवायची याचिका न्यायालयात गेली, तेव्हा त्या नर्सेस विरोधात उभ्या राहिल्या. मीही नर्स आहे, मला त्या बरोबरच वाटतात. पण अरुणाताई स्वतःच्या श्वासावर जगत होत्या. तुमच्या बाबांची गोष्ट वेगळी आहे, ती त्यांच्या गोष्टीत मिसळू नका.

त्या दिवसाबद्दल चार गोष्टी आधीच माहीत असू द्या. नळी काढल्यावर माणूस लगेच जातो असं नाही, काही तास, कधी दिवसही जातात. घशात घरघर येते. ऐकवत नाही, पण बेशुद्ध माणसाला तिचा त्रास होत नाही, आणि ती कमी करायचं औषध असतं, ते आधीच मागून ठेवा. ओठ कोरडे पडतात, गॉज ओला करून तुम्ही स्वतः फिरवा. आईला हात धरायला खुर्ची मागा, मॉनिटर बंद करायला सांगा, नाहीतर सगळे बाबांऐवजी पडद्याकडे बघत बसतात. दवाखान्यात हे जमणार नसेल तर डॉक्टरांना हॉस्पिसबद्दल विचारा. वांद्र्याचं शांती आवेदना सदन १९८६ पासून कॅन्सरच्या शेवटच्या टप्प्यातल्या रुग्णांसाठी हेच काम करतंय. तुमची केस तिथली नाही, पण तशी शुश्रूषा शिकलेली माणसं आता वसई-मुंबईत सापडतात.

राहिला तिसरा प्रश्न. ज्या उपचारानं बाबांचं भलं होत नाही तो थांबवायला संमती दिलीत, तर त्याचं पापनिवेदन नको, कारण ते पाप नाही. न्यूरॉलॉजिस्ट 'आशा नाही' म्हणाले तेव्हा आतून हलकं वाटलं, असं तुम्ही शेवटी लिहिलंत. तेही पाप नाही. सतरा दिवस न झोपलेल्या माणसाला कुठल्याही स्पष्ट उत्तरानं हलकंच वाटतं. भावाला मात्र तुम्ही फोनवर म्हणालात ना, की तुला बाबा नकोत, नुसतं समाधान हवंय? ते पापनिवेदनात सांगा. आणि डॉक्टरांची बैठक ठरायच्या आधी त्याला फोन करा. बैठकीबद्दल काही बोलू नका, फक्त ते शब्द मागे घ्या.